शेषाची अर्धी दाढी

प्रचंडसेन राजाने दवंडी पिटवली की आपण साक्षात शेषनाग असून पृथ्वी आपल्याच डोक्यावर आहे. जो मानणार नाही तो हद्दपार.

सकाळी पिंगल न्हाव्याने राजाचा एक गाल साफ केला, तेव्हा राजाने विचारलं, "तुला पटतं ना रे?"

पिंगलने नाही म्हणावं तर गाव सुटणार, हो म्हणावं तर हसू फुटणार. त्याने वस्तरा धोकटीत ठेवला.

"पटतं म्हणूनच थांबलो, महाराज. शेषाने मान हलवली की भूकंप होतो. दुसऱ्या गालासाठी मान वळवायला सांगितली, तर माझंच घर पडायचं."

राजा अर्ध्या दाढीनिशी ताठ मानेने बसून राहिला.

तिसऱ्या दिवशी नवी दवंडी आली: महाराजांनी पृथ्वी शेषाला परत केली आहे, पिंगलने वस्तरा घेऊन ताबडतोब यावे.