चार वर्षांवरील मुलांसाठी

"...मग तिनं ते उघडलं कशानं म्हणतोस?"

"माझ्याच अंगठ्यानं, वस्ताद."

बाबालाल वस्ताद लिंबू पिळायचे थांबले. कुस्तीच्या हौदातल्या तांबड्या मातीवर अर्धं पिळलेलं लिंबू तसंच धरून त्यांनी अभिनंदन मगदूमकडे पाहिलं.

"रविवारी जेवून आडवा झालो होतो. टॅबला कुलूप माझ्या अंगठ्याचं. कार्टीनं झोपेत माझा हात उचलला, अंगठा टेकवला आणि परत छातीवर ठेवून दिला. मला पत्ता नाही."

"किती वर्साची?"

"नऊ."

"शाबास!"

"वस्ताद, मी चेष्टा करत नाहीये."

"मी तरी कुठं करतोय? बेसावध गड्याचा पट काढला पोरीनं. तुला ह्या तालमीत सात वर्सांत एकदा तरी जमला व्हता का?"

अभिनंदनचे कान तापले. वीस वर्षांनी आला होता तो. पुण्याहून चार तास गाडी हाकत आला होता, आणि या म्हाताऱ्यानं पाच मिनिटांत त्याला पुन्हा तेरा वर्षांचा केला होता.

बाहेर कडुलिंबाखाली सन्मती बसली होती. गुडघ्यांत हनुवटी, पाठ बापाकडे. रविवारी त्यानं तिच्या कानाखाली वाजवली होती. आज गुरुवार. चार दिवसांत तिनं बापाशी एक शब्द काढला नव्हता. गाडीतही नाही. मिरजेच्या अलीकडे त्यानं विचारलं, भूक लागली का? तिनं काच खाली करून बाहेर तोंड केलं.

"तिला सुट्टीभर इथं ठेवून घ्या," तो म्हणाला. "तुमच्या तालमीत पोरं मोबाइल दारातल्या पेटीत टाकतात म्हणे. माझ्या घरात एक टॅब मला आवरत नाही. तिला शिस्त लावा."

"कुणाला?"

"सन्मतीला."

वस्तादांनी लिंबू पिळून संपवलं. साल कोपऱ्यात टाकली. पंचाहत्तरी उलटलेला माणूस, पण मांडी घालून बसला की उखळ मांडल्यासारखा दिसायचा. आयुष्यभर माती आणि पोरं. दहा वर्षांपूर्वी त्यांनी पोरींना हौदात उतरवलं तेव्हा निम्म्या गावानं तालमीकडे पाठ फिरवली होती. वस्ताद म्हणाले होते, जावा तिकडं. निम्मं गाव हळूहळू परत आलं. त्यांनी विचारलंही नाही, का गेला होतात.

"खेळत काय व्हती?"

अभिनंदननं पँटवरची धूळ झटकली.

"नाव असंल की त्या खेळाला."

"आहे... आमच्याच कंपनीचा आहे तो."

"तुज्या कंपनीचा?"

"हो."

"आन् तुज्या घरात बंद?"

"आमचे सगळेच बंद आहेत. घरातल्या टॅबवर मी एकही ठेवत नाही."

"का?"

अभिनंदननं बाहेर सन्मतीकडे पाहिलं.

"का रं? वाईट हाय?"

"वाईट असं नाही, वस्ताद. पण त्यात एक चक्र असतं. फिरवलं की बक्षीस. कधी मिळतं, कधी नाही. पोरं सोडत नाहीत मग. आम्हीच बसवलंय ना ते. आम्हाला माहीत असतं कुठं काय आहे."

हे सांगताना त्याच्या आवाजात थोडी ऐट आली होती. आपल्या हातचं जेवण आपण जेवत नाही, हे सांगतानाही माणसाला ऐट येऊ शकते. अभिनंदनला तेव्हा ती जाणवली नाही.

"तू काय करतोस तिथं?"

इथं मात्र तो सावरून बसला. या प्रश्नाची त्याला सवय होती. लग्नांत, बारशांत, सोसायटीच्या सभेत तो याचं उत्तर देत आलेला होता.

"कुठला खेळ कुठल्या वयाच्या मुलांनी खेळावा, ते मी ठरवतो. खेळावर एक आकडा असतो बघा. चार वर्षांवरील, नऊ वर्षांवरील, बारा. आईबाप तो आकडा बघून मोबाइल हातात देतात. तो आकडा माझ्या सहीनं जातो. लाखो घरांत."

"ह्या खेळावर कितीचा हाय?"

"चार."

"चार वर्साच्या पोराला चालतंय."

"कागदावर, हो."

"कागुद कुणी लिवला?"

"...मी."

वस्ताद उठले. भिंतीला टेकवलेलं खोरं उचलून त्यांनी ते जमिनीवर आपटलं. लोखंडाचा आवाज तालमीच्या पत्र्यांत घुमला. सन्मतीनं मान वळवली.

"कसा लिवतोस? सांग मला. मी अडाणी हाय."

"अकरा प्रश्न असतात. मारामारी आहे का, रक्त आहे का, जुगार आहे का. अनोळखी माणसाशी बोलता येतं का. खेळून बघायचं आणि हो किंवा नाही लिहायचं."

"अनोळखी मानसाशी बोलता येतं का. ह्याला काय लिवलंस?"

अभिनंदननं खाली पाहिलं. यासाठीच तर तो आला होता, आणि नेमकं हेच सांगायचं नाही असं पुण्यातून निघताना ठरवून आला होता.

"नाही."

"मग खरं काय हाय?"

"मी तिसऱ्या पायरीपर्यंत खेळून बघितला होता. महिन्याला चाळीस-चाळीस खेळ येतात, वस्ताद, पुरा कोण खेळणार? बाराव्या पायरीनंतर गप्पांची खोली उघडते. सन्मतीनं तो गुपचूप उतरवून घेतला होता, सतराव्या पायरीवर होती." तो थांबला. "कुणीतरी तिला विचारत होतं, घरी कोण कोण असतं. बाबा कधी झोपतात..."

"तिनं सांगितलं?"

"बाबा आत्ताच झोपलेत, असं लिहिलं होतं."

पत्र्यावर एक कावळा नखं वाजवत चालत गेला.

"मग तू काय केलंस?"

"तिला मारलं."

"आन् त्या आकड्याचं?"

"कुठल्या?"

वस्तादांचे डोळे लाल झाले. "कुठल्या! माज्या तालमीत तहसीन म्हणून पोरगी हाय. आठ वर्साची. तिची आई यंत्रमागावर जाती. एकटीचा जीव, पोरीला घरात कोंडून जाती बिचारी आन् हातात मोबाइल देऊन जाती. मी इचारलं, बाई, काय खेळती बघितलंस का? तिनं मला दावला तुजा आकडा. 'वस्ताद, चार वर्साच्या पोराला चालतंय असं लिवलंय. शिकल्याली मानसं हाईत ती, बघूनच लिवत असतील.' बघूनच! आकडा तसाच हाय का अजून?"

"तसा एकदम बदलता येत नाही. मोठ्या साहेबांशी बोलावं लागतं, मोठा आकडा टाकला की खेळणारे निम्मे होतात. बैठक आहे पुढच्या महिन्यात. मी मुद्दा मांडणार आहे."

"मुद्दा मांडनार हाय," वस्ताद म्हणाले. ते मातीत थुंकणार होते. मातीत थुंकायचं नसतं म्हणून त्यांनी गिळलं.

"तुम्हाला नाही कळणार ते," अभिनंदनही चिडला. "मी मुलीसाठी आलोय. ठेवून घेता की नाही, तेवढं सांगा."

"सांगतो. आधी काम कर. चार वाजता पोरं येतील. माती उकर. परवा कुणीतरी दारुड्यानं खिडकीतनं बाटली फेकली व्हती आत. काल मी काचा येचल्यात, एखादी ऱ्हायली असंल. आज माती बघायची ऱ्हायलीया. तू बघ."

अभिनंदननं बूट काढले, पँट दुमडली, खोरं घेतलं. हे काम त्याला येत होतं. लहानपणी वस्तादांना ते करताना त्यानं रोज पाहिलं होतं. आधी खोरं, मग गुडघ्यांवर बसून बोटांनी सगळा हौद चाळणं, एका कोपऱ्यापासून दुसऱ्या कोपऱ्यापर्यंत, तांदूळ निवडावेत तसं. शेवटी वस्ताद उघड्या पाठीनं त्या मातीत लोळायचे आणि मगच म्हणायचे, उतरा. पोरं हसायची. अभिनंदन सगळ्यांत जास्त हसायचा. म्हातारा गाढवासारखा लोळतोय, म्हणायचा.

त्यानं दहा मिनिटं माती खालवर केली. ढेकळं फोडली. खोऱ्याला काही लागलं नाही. शर्टाला घाम आला. तीन वाजून पंधरा मिनिटं झाली होती, त्याला संध्याकाळच्या आत पुण्याचा रस्ता धरायचा होता.

"झालं, वस्ताद. स्वच्छ आहे."

"नक्की?"

"नक्की."

"लिवून देशील?"

"देतो की! आणा कागद," तो हसला.

वस्ताद हसले नाहीत. दाराकडे तोंड करून त्यांनी हाक मारली.

"सन्मती! ये गं बाळ. चप्पल काढ तिथंच. आज पयली तू उतरायचंस."

ती उठली. आली. चार दिवसांत पहिल्यांदा कुणाच्या तरी हाकेला ती उठली होती. वस्तादांनी तिचं मनगट धरलं आणि तिला हौदाच्या कडेला उभं केलं. तिनं अनवाणी पाय मातीकडे उचलला.

"थांब!"

अभिनंदन एवढ्या जोरानं ओरडला की पत्र्यावरचा कावळा उडाला.

"थांब, सन्मती. पाय टाकू नकोस... एक मिनिट. वस्ताद, एकच मिनिट."

आणि तो गुडघ्यांवर बसला. पुण्याहून आलेली इस्त्रीची पँट तांबडी झाली. त्यानं दोन्ही हातांची बोटं मातीत घातली. एका कोपऱ्यापासून सुरुवात केली. मूठ उचलायची, बोटांतून सोडायची, पुढची मूठ. एक मिनिट गेलं, पाच गेली. घड्याळ कुणी बघितलं नाही. घाम नाकावरून मातीत पडत होता. तो सरकत सरकत हौदाच्या मध्यापर्यंत आला, तिथून खिडकीच्या बाजूला.

सन्मती बघत होती. वस्तादांनी तिचं मनगट सोडलं नव्हतं.

खिडकीखाली त्याचा हात झटक्यानं वर आला. बोटातून रक्त निघालं होतं. त्यानं दुसऱ्या हातानं चाचपून तो तुकडा काढला. हिरवी काच, नखाएवढी, एका बाजूला सुरीसारखी. त्यानं ती दूर ठेवली आणि तसाच पुढं सरकला. शेवटचा कोपरा होईपर्यंत तो थांबला नाही. मग शर्ट काढला आणि त्या मातीत उघड्या पाठीवर पडला. या कुशीवरून त्या कुशीवर लोळला.

"बाबा," सन्मती म्हणाली. "तुमच्या बोटातनं रक्त येतंय."

चार दिवसांनी.

अभिनंदन मातीत उठून बसला. डोळे भरून आले होते, आणि छाती फुगली होती. हिरवी काच त्यानं तळहातावर घेऊन वस्तादांपुढं धरली. मैदान मारून आलेल्या गड्यासारखा त्याचा चेहरा झाला होता.

"सापडली, वस्ताद. आता नाही काही. पाठ लावून बघितलीय मी. आता उतरू दे तिला."

बाहेर पोरांचा गलका ऐकू येऊ लागला. दारातल्या पेटीत एकेक मोबाइल पडत होता... खट्, खट्. कुणीतरी तहसीनला हाक मारली. ती काहीतरी ओरडून हसली.

वस्तादांनी त्याच्या तळहातावरची काच उचलली. खिडकीच्या उजेडात धरली. बराच वेळ बघितली. मग ती त्याच्या शर्टाच्या खिशात टाकली, जिथं कंपनीचं ओळखपत्र होतं, आणि शर्ट त्याच्या अंगावर फेकला.

"मघाशी खोऱ्यानं बघून 'स्वच्छ' म्हणालास... तवा कुणाची पोरं उतरनार व्हती?"