वानर गप्प राहिला ती सकाळ

मुलांनो, ज्या जंगलाच्या फाटकावर 'अभयारण्य' अशी भली मोठी पाटी लावली होती, त्या जंगलात एक वाघीण राहत असे. अभय म्हणजे भीती नसणे. पाटी रंगवणाऱ्याला ते ठाऊक असावे. फाटकातून आत घुसणाऱ्या जिपांना नव्हते. उजाडले की त्या धुरळा उडवत वाघ शोधत सुटत, आणि वाघ कुठे आहे हे त्यांना एका वानरामुळे कळे. हा वानर उंच झाडावर बसून खाली चरणाऱ्या हरणांसाठी पहारा करी. वाघीण दिसली की तो 'खॅक् खॅक्' ओरडे आणि हरणे पळून जीव वाचवत. पण तीच हाक ऐकून जिपाही धावत येत आणि वाघिणीला चहूबाजूंनी घेरत.

त्या उन्हाळ्यात वाघिणीच्या बाजूची सगळी डबकी आटली. पिल्लांना रस्त्यापलीकडच्या नाल्यावर नेणे भाग होते. रात्री त्या वाटेवर एक परका वाघ फिरे, आणि परका वाघ पिल्लांना जिवंत ठेवत नाही. दुपारी रस्ता असा तापे की कोवळे पंजे भाजून निघावेत. उरली सकाळ. एका सकाळी ती निघालीही; पण वानर ओरडला, जिपा आल्या, आणि त्या गोंधळात एक पिल्लू मागे पळाले ते पुन्हा सापडलेच नाही.

संध्याकाळी वाघीण वानराच्या झाडाखाली येऊन बसली. हरणे दूर पळून उभी राहिली.

"वानरदादा, उद्या सकाळी ओरडू नकोस," ती म्हणाली. "मला पिल्लांना पलीकडे न्यायचंय."

"वा, वा!" वानर फांदीवरून हसला. "मी गप्प बसायचं, आणि तू न्याहारी कोणाची करणार?"

तेवढ्यात कळपातली एक हरिणी थोडी पुढे आली. "बाई, परवा माझं पाडस नेलंस. आता तुझ्या पोरांसाठी आम्ही तोंड मिटून बसायचं?"

"नेलं," वाघीण म्हणाली. "खोटं कशाला बोलू? भूक लागली की पुन्हा येईन. पण उद्या सकाळी नाही."

हरिणीने विचारले, "किती उरलीत?"

"दोन. दोघांची जीभ कोरडी पडलीय."

"वानरदादा," हरिणी वर पाहून म्हणाली, "उद्या गप्प राहा."

"अगं, वेड लागलंय का तुला? आणि हिने दगा दिला तर?"

"तर पहिली मी मरेन. तू ओरडायचं नाहीस."

सकाळी वाघीण निघाली. मागे दोन पिल्ले, अडखळत. कळपाच्या अगदी जवळून ती गेली. हरणांच्या अंगावर काटा आला, शेपट्या ताठ झाल्या. पण एकही खूर आपटला नाही. वर वानराने तोंडात पाल्याचा बोकाणा भरला आणि डोळे घट्ट मिटून घेतले. वाघिणीने मान वळवून पाहिलेसुद्धा नाही.

तिकडे दूरच्या वळणावर जिपा ताटकळत उभ्या होत्या. "साहेब, आज जंगल अगदी शांत आहे," गाईड म्हणाला.

"म्हणजे काय, नुसती झाडंच बघायची?" साहेब वैतागले.

वाघीण रस्ता ओलांडून गेली. धाकटे पिल्लू कडेच्या चरात घसरले, धडपडले, वर आले आणि आईमागे नाल्याकडे पळाले. त्याचे शेपूट गवतात दिसेनासे होईपर्यंत हरिणी तिथेच उभी होती. मग तिने मान खाली घातली आणि चरू लागली.

तात्पर्य : लेकरांना घेऊन निघालेल्या आईला वाट द्यावी, मग ती आपली वैरीण का असेना, आणि ज्याला एवढेही जमत नाही, त्याने जंगलात पाऊल टाकू नये.