मोहरबंद होडी

पुष्कळ जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की त्या राज्याचं नावही आता कुणाला आठवत नाही. त्या राज्यात एक रुंद नदी होती. अलीकडे एक वाडी आणि पलीकडे शाळा. शाळेत येणारी सगळी मुलं वाडीचीच. ती रोज होडीतून पलीकडे जात. होडी शाळेची, आणि ती वल्हवणारा नावाडीही शाळेचाच नोकर.

एके दिवशी पलीकडचा काठ जवळ आला असताना एक लहान मुलगी पाण्यात पडली. नावाड्याने उडी मारून तिला वर काढलं. आरडाओरडा ऐकून थोरले गुरुजी धावत आले. पाहतात तर पोर निथळत होती आणि नावाडीही निथळत होता. एवढं पाहून त्यांनी सगळं ठरवूनच टाकलं.

"तू पेंगत होतास. उद्यापासून शाळेकडे फिरकू नकोस."

"गुरुजी, माझं ऐकून तरी घ्या."

"ऐकायचं काय त्यात? दिसतंय की!"

त्या ओल्या पोरीला कुणी एका शब्दाने विचारलं असतं, तर सगळं तिथेच मिटलं असतं. पण मोठ्यांच्या भांडणात लहानांनी बोलायची तिथे रीत नव्हती. ती थरथरत उभी राहिली आणि मोठी माणसं तिच्या डोक्यावरून भांडत राहिली.

नावाडी सरळ राजाच्या न्यायसभेत गेला. म्हणाला, "महाराज, नोकरी गेली ते सोसेन. पण वाडीतल्या आया मला बघून पोरांना पदराआड घेतात, ते सोसवत नाही. मी निर्दोष आहे, एवढं सभेनं सांगावं. आणि तोवर शाळेनं दुसरा नावाडी ठेवू नये. तो आला म्हणजे मी दोषी ठरलोच की!"

मागणी वावगी नव्हती. सभेने तसा हुकूम दिला. शिपायांनी होडी वाडीच्या काठावर खांबाला बांधली आणि गाठीवर लाखेची मोहर उठवली. निकाल लागेपर्यंत ती कुणी तोडायची नाही, आणि शाळेसाठी दुसरी होडीही घालायची नाही.

मुलं पाट्या काखेत मारून काठावर यायची, होडीकडे बघायची आणि घरी परतायची.

सभेत मोठमोठे पंडित बसले. मुलगी पाण्यात कशी पडली, हे एकानेही विचारलं नाही. नावाड्याला कामावरून काढताना रीत पाळली का, यावर मात्र वाद रंगला. सभा म्हणाली, "न ऐकता काढलं हे चूक. आधी त्याचं ऐका." गुरुजींनी त्याला समोर बसवलं, ऐकल्यासारखं केलं आणि पुन्हा काढलं. नावाडी पुन्हा सभेत. सभा म्हणाली, "आरोप करणाऱ्यानेच निवाडा कसा केला? दुसऱ्या कुणाला करू द्या." मग तो दुसरा कोण, यावर वाद. त्यातच थोरले गुरुजी वारले. नवे गुरुजी म्हणाले, "शाळेच्या अब्रूचा प्रश्न आहे, आम्ही माघार घेणार नाही." मला या सगळ्यांचा राग येतो. आणि खरं सांगू? सभेचं एकही बोलणं चुकीचं नव्हतं, म्हणून जास्तच येतो.

एकदा वाडीतली एक म्हातारी नावाड्याकडे आली.

"बाबा रे, होडी सोडायला तेवढा कबूल हो. पोरं गुरांमागं जायला लागली."

"सोडायचीच आहे, आजी. पण निकाल लागू दे. आता मागं सरलो तर लोक म्हणतील, यानं चूक कबूल केली."

म्हातारी आल्या पावली परत गेली.

अखेर निकाल लागला. नावाड्याचे केस पांढरे झाले होते. दोष कुणी सिद्ध केला नाही, म्हणून तो निर्दोष आहे, त्याला सन्मानाने कामावर घ्यावं, असं सभेने ताम्रपटावर कोरून दिलं. ताम्रपट छातीशी धरून म्हातारा धापा टाकत काठावर आला. त्याने मोहर फोडली, होडीत पाय टाकला आणि कुजलेली फळी मोडून पाय थेट चिखलात गेला. पलीकडे शाळेचं छप्पर कोसळलं होतं.

काठावर एक बाई धुणं धूत होती. त्याने तिला ओळखलं. पाण्यात पडलेली पोर ती हीच.

"पोरी, हे वाच! मला अक्षर येत नाही. मी निर्दोष आहे म्हणून लिहिलंय. जरा मोठ्यानं वाच, सगळ्या वाडीला ऐकू दे!"

तिने हात पुसले, ताम्रपट घेतला, उलटा धरला, सुलटा धरला.

"काका, मला तरी कुठं वाचता येतं? आमची शाळा तेव्हाच सुटली." मग ती हळूच म्हणाली, "पण यात काय लिहिलंय ते मला ठाऊक आहे. वाहत आलेलं फूल धरायला मीच वाकले होते. तुम्ही नसता तर मी मेले असते. मला कुणी विचारलंच नाही. काका, तुम्हीसुद्धा नाही."

नावाड्याने ताम्रपट परत घेतला आणि वाडीकडे पाहिलं. त्याच्या निर्दोषपणाचा ताम्रपट वाचू शकेल असं तरुण माणूस आता त्या वाडीत एकही नव्हतं.

लहानांनो आणि थोरांनो, बोध एवढाच: मुलांच्या नावाने भांडणारे मुलांनाच विसरले, तर खरा असलेला माणूस जिंकूनही हरतो.