उसना आवाज

“मग तुम्ही कशा तयार झाला होतात, अक्का? पडद्यावर तुम्हालाही दुसरीचाच आवाज होता ना?”

कस्तुराक्का सुपात शेंगा घेऊन सोलत बसल्या होत्या. त्यांनी मान वर केली नाही.

विचारणारी शलाका, त्यांची शिष्या. अक्कांसारखीच तृतीयपंथी, घरच्यांनी मुलगा म्हणून वाढवलेली मुलगी. मुंबईत धडपडत होती आणि आता तिला सिनेमात काम मिळालं होतं. टाळ्या वाजवून हसं करून घ्यायचं नव्हे, चांगलं नायिकेचं. निर्मात्याची अट एकच होती. आवाज दुसऱ्या बाईचा घालणार. संध्याकाळपर्यंत हो म्हणायचं, नाहीतर काम दुसरीला.

शलाकाचं हो ठरलेलंच होतं. अक्कांचा आशीर्वाद घ्यायला म्हणून ती पेढ्यांचा पुडा घेऊन कोल्हापूरला आली होती. मुंडावळ्या बांधून झाल्यावर स्थळ कसं आहे हे विचारायला यावं, तशी.

“चेहरा माझा, चालणं माझं, रडणं माझं. आवाज तेवढा उसना. काय बिघडलं?”

“मी कुठं काय म्हटलं?”

“म्हणत नाही, हेच तर.”

अक्का सोलत राहिल्या…

शलाकानं मोबाइल काढला, अक्कांचा जुना सिनेमा लावला आणि त्यांच्यासमोर धरला. तरुण अक्का हिरव्या लुगड्यात माहेरच्या उंबऱ्याशी उभ्या होत्या.

“आई, दार उघड.” आवाज खडीसाखरेसारखा गोड होता.

“या आवाजावर बाया पदर ओले करून घरी जायच्या, अक्का. तुमचा खरा आवाज कोर्टात ठीक, मोर्चात ठीक. रेशनकार्डावर आम्हाला आमची नावं मिळाली ती त्याच आवाजामुळं, नाही कोण म्हणतंय? पण पडद्यावर…”

ती थांबली. ओशाळली, पण थोडीच.

अक्कांनी पदराला हात पुसले. मोबाइल घेतला, प्रसंग मागे नेला आणि त्याचा आवाज बंद केला.

ती तरुणी पुन्हा उंबऱ्याशी आली. तिचे ओठ हलले.

आणि अक्का बोलल्या.

“आई… दार उघड.”

जाडाभरडा, छातीच्या तळातून आलेला आवाज. इतक्या वर्षांनी, तरी ओठांशी बरोबर जुळला. अंगणात भांडी घासणारी शेजारीण घासायची थांबली. हा प्रसंग शलाकाला पाठ होता, आणि आपण तो आज पहिल्यांदा ऐकतोय असं तिला वाटलं. पुढं ही गोष्ट सांगताना तिचे हात आपसूक जोडले जात.



“तेव्हा असं का नाही बोललात?” शलाकानं हळूच विचारलं. मघाची ऐट आता उरली नव्हती.

“भ्या वाटलं, काम जाईल. आणि आईनं एकदा बघावं मला, एवढीच हौस हुती.”

“मग? बघितलं त्यांनी?”

“तवर डोळं गेलतं तिचं. पण जाते म्हणाली, ऐकीन तरी. शेजारच्या सुंदराबाईला घिऊन थेटरात गेली. मला घरातनं हाकलल्यापासनं पहिल्यांदाच माझं नाव काढलं हुतं तिनं.”

“आणि?”

संध्याकाळ व्हायला आली होती. अक्कांनी मोबाइल शलाकाच्या हातात ठेवला आणि सूप पुन्हा जवळ ओढलं.

“पडदाभर मीच हुते. आई आपली शेवटपर्यंत सुंदराबाईला विचारतीया, ‘आमचं पोर कवा येणार गं?’”