मागे न घेता येणाऱ्या तीन आज्ञा

एका राज्यात चंडकेतू नावाचा राजा राज्य करीत होता, आणि त्याच्या पदरी हैबती नावाचा दवंडीवाला होता. राजाने बोलावं, चिटणिसाने लिहावं, कारभाऱ्याने मोहोर उठवावी, आणि हैबतीने हलगी वाजवून चव्हाट्यावर ओरडावं, असा रिवाज होता. हैबतीचा आवाज तीन गावं जाई. आपण काय ओरडतो याचा विचार त्याने कधी केला नव्हता. ते काम त्याचं नव्हतं.

एके दिवशी दरबारात एक मांत्रिक आला. राजाने त्याला खाऊपिऊ घातलं, शालजोडी दिली. मांत्रिक म्हणाला, "राजा, वर माग."

राजा म्हणाला, "आमची आज्ञा कधी खोटी पडू नये."

"नाही पडणार," मांत्रिक म्हणाला. "पण निघालेली आज्ञा तुला मागेही घेता येणार नाही." एवढं बोलून तो उत्तरेला निघून गेला. राजाने पहिलं वाक्य लक्षात ठेवलं.

दुसऱ्या सकाळी आज्ञा निघाली. हैबती ओरडला, "ऐका हो ऐका! राज्यातील सर्व दारे पूर्वेकडे तोंड करून असावीत!" हलगी थांबते न थांबते तोच दारं भिंतीतून सरकू लागली. पूर्वेला अंगण होतं त्यांचं निभावलं. ज्यांच्या पूर्वेला शेजारी होता त्यांची दारं शेजाऱ्याच्या माजघरात उघडली. सुतार बाहेर पडायला निघाला तो सोनाराच्या चुलीपाशी पोचला. कोण कुणाकडे आलंय आणि बाहेर जायचं कुठून, काही कळेना.

म्हणून दुसरी आज्ञा निघाली. "जो ज्या घरात असेल, ते घर त्याचे!" भांडणं थांबली. लोक परक्या घरात परक्या मुलांना आपली म्हणून जेवू घालू लागले. सगळे हसतमुख होते, आणि सगळ्यांचे डोळे काहीतरी शोधत होते.

हा घोळ बघायला नदीपलीकडून लोक नावा भरभरून येऊ लागले. राजाला राग आला. तिसरी आज्ञा निघाली. "जो नदीपलीकडे असेल त्याचे अलीकडे कोणी नाही!"

हैबती नेहमीसारखा ओरडला. शेवटचा शब्द तोंडातून गेला आणि त्याला आठवलं, की आपली लेक तानी सकाळीच पलीकडच्या बाजाराला गेली आहे.

तो धावत काठावर गेला. पलीकडे तानी उभी होती. त्याने हाक मारली. तिने कपाळावर हात धरून पाहिलं आणि विचारलं, "कोण पाहुणे तुम्ही?"

हैबती तसाच दरबारात गेला. "महाराज, आज्ञा मागे घ्यावी."

राजा सिंहासनाच्या पायरीवर बसला होता. "मागे घ्यायलाही आज्ञाच लागते, हैबती. पहिली निस्तरायला दुसरी काढली, दुसरी निस्तरायला तिसरी. आता चौथी काढायची आम्हाला भीती वाटते."

हैबती बाहेर आला आणि लिंबाखाली बसला. फांदीवर काळा, दुभंगल्या शेपटीचा कोतवाल पक्षी होता. तो मांत्रिकाच्या खांद्यावर बसून आलेला आणि मांत्रिक गेल्यावर मागे राहिलेला.

पक्षी म्हणाला, "दवंडी देणाऱ्याला स्वतःची दवंडी लागत नाही. म्हणून तुलाच सगळं आठवतंय. ज्याला आज्ञा पहिल्यांदा लागली, त्याने मनापासून 'नाही' म्हटलं, की ती गळून पडेल. तिन्ही गळाल्या की वराचा झालेला हा शाप संपेल."

"मग मी त्यांना सांगतो, नाही म्हणा."

"तीही आज्ञाच झाली. तू आज्ञा केलीस तर आहे ती घट्ट होईल."

हैबती गोंधळला. उभ्या जन्मात त्याने दुसरं काही केलं नव्हतं. त्याचं बोलणंच 'ऐका'पासून सुरू होई.

पक्ष्याच्या सांगण्याप्रमाणे पहिली आज्ञा आधी कुंभाराच्या सागवानी दाराला लागली होती. हैबती त्याच्यासमोर जाऊन उभा राहिला. मग म्हणाला, "तू आधी कुणीकडे बघायचास?"

"मावळतीला," दार म्हणालं. "तिकडे भट्टी आहे. ऊब लागायची."

"आता इकडेच बरं वाटतं का?"

दार करकरलं. "नाही." आणि ते सरकत मावळतीला गेलं. त्याच्यामागे राज्यातलं प्रत्येक दार आपापल्या जागी गेलं.

दुसरी आज्ञा म्हाळसाबाई नावाच्या म्हातारीला लागली होती. ती तांबटाच्या घरी आमटी ढवळत होती.

"हे घर तुमचं?" हैबतीने विचारलं.

"आज्ञाच आहे तशी."

"आमटीत मीठ पडलं का?"

म्हातारीने न बघता डावीकडे हात नेला. तिथे नुसती भिंत होती. तिने दोनदा चाचपलं. "चाळीस वर्षं माझं मीठ इथे आहे," ती पुटपुटली. "नाही. हे माझं घर नव्हे." ती पळी ठेवून बाहेर पडली, आणि गल्लीभर लोक आपापल्या घरांकडे निघाले.

तिसरी आज्ञा पहिल्यांदा तानीलाच लागली होती. हैबती नावेतून पलीकडे गेला. तानी घाटावर एकटीच बसली होती. तिला पाहताच त्याच्या तोंडून निघून गेलं, "तानी, घरी चल."

नदी पाच हात रुंदावली. तानी उठून दूर सरकली.

हैबतीने हलगी काढून खाली ठेवली आणि पायरीवर बसला. विचारायचं काय, हेच त्याला सुचेना. तानीला कोणता रंग आवडतो, ती बाजारात कुणाशी बोलते, यातलं त्याला काहीच ठाऊक नव्हतं. त्याने तिला कधी विचारलं नव्हतं.

शेवटी तीच म्हणाली, "पाहुणे, कुणाला शोधताय?"

"माझ्या मुलीला. एक आज्ञा निघाली आणि ती मला विसरली. ओरडणारा मीच होतो." ओरडून ओरडून त्याचा आवाज पार फाटला होता.

तानीने पदराची गाठ सोडली आणि ज्येष्ठमधाची काडी पुढे केली. "घसा बसलाय तुमचा." मग ती काडीकडे बघत राहिली. "ही मी सकाळी घेतली. कुणासाठी, ते आठवत नाही. माझा घसा तर चांगला आहे."

हैबतीच्या ओठावर उत्तर आलं होतं. त्याने ते गिळलं. "तुझं त्या काठाला कुणीच नाही का?" एवढंच विचारलं.

"आज्ञेप्रमाणे नाही." तिने काडी बोटांत फिरवली. "पण कुणी नसतं तर मी ही घेतली कशाला असती?" तिने काडी मुठीत धरली. "नाही. ती आज्ञा चुकीची आहे. माझं कुणीतरी आहे."

नदी आपल्या पात्रात परत आली. तानीने वर पाहिलं आणि म्हणाली, "बाबा, तुम्ही इथे कसे? जेवलात का?"

शाप संपला. दुसऱ्या दिवशी राजा स्वतः चव्हाट्यावर आला आणि कुणाला काय हवं ते विचारू लागला. दुपारपर्यंत कुणाही दोघांचं एकमत झालं नाही. राजा उन्हात उभा राहून ऐकत होता. पुढे राजाने आज्ञा काढल्या, त्यातल्या काही पाळल्या गेल्या, काही नाही, आणि राज्य नीट चाललं.

ज्याचं घर त्याला मिळालं, ज्याचं माणूस त्याला मिळालं. ऐकणाऱ्यांनाही मिळो.