पुसलेलं अक्षर

अर्धांगाच्या झटक्याने विसाजीपंत प्रधानांची वाचा गेली. मानही हलेना. चालत होतं ते उजव्या हाताचं एक बोट. त्यांच्या लेकीने एका लाकडी फळीवर सगळी अक्षरं रंगवून दिली. पंत अक्षरांवर बोट ठेवत आणि राजा सिंहासनावरून उतरून, त्यांच्या शेजारी बसून, एकेक अक्षर जुळवून वाचत असे.

हे पाहून सरदार हैबतरावांचा जळफळाट होई. ते बोलायला उठले की राजाला हटकून जांभई येई.

एके दिवशी त्यांनी भर दरबारात आरोप केला, "महाराज, पंतांनी गडाची चोरवाट शत्रूला कळवली!"

आरोप कडेलोटाचा होता. राजा हादरला. "पंत, एवढंच सांगा. हो की नाही?"

पंतांचं बोट फळीवर फिरलं आणि थबकलं. 'न' कुणीतरी पुसून टाकला होता. 'हे खोटं आहे' असं म्हणता आलं असतं. पण तसं तर चोरही म्हणतो. क्षणभर विचार करून पंत सावकाश अक्षरं दाखवू लागले. राजाने मोठ्याने वाचलं, "फळीवरचं एक अक्षर पुसलंय. माझ्या उत्तराची भीती कुणाला?"

"मी कशाला 'न' पुसू, महाराज?" हैबतराव ओरडले.

राजा त्यांच्याकडे वळला. "कोणतं अक्षर, ते पंतांनी सांगितलंच नव्हतं, हैबतराव."

हैबतरावांचा तोल सुटला. "त्यांच्या एकेका अक्षरासाठी तुम्ही ताटकळता! माझं बोलणं कधी शेवटपर्यंत ऐकलंत?"

पंतांचं बोट पुन्हा हललं, आणि राजाने वाचलं,

"आज ऐकलं की!"