मास्तरांच्या स्वयंपाकघरातली खुर्ची

"पण मग कमी काय आहे यात, मास्तर?"

ब्रुनाने तिच्या नव्या सेटचा शेवटचा फोटोही टेबलावर ठेवला.

नार्सीस मास्तर नुसता चष्मा पुसत राहिले. कॅटलन सिनेमासाठी घरं उभी करण्यात त्यांचं सगळं आयुष्य गेलं. भाषेवरची बंदी उठली, पडद्यावरची माणसं पुन्हा कॅटलन बोलू लागली, तेव्हापासून. कोळ्यांच्या झोपड्या, गिरणी कामगारांच्या खोल्या, एका म्हाताऱ्या शिंप्याचं दुकान... स्टुडिओत केव्हाच मोडून टाकलेली. आता ते जिरोनाकडच्या समुद्रकाठच्या गावात एकटेच राहत. ब्रुना त्यांच्या हाताखाली शिकली होती. गेल्या वर्षी तिला कलादिग्दर्शनाचा मोठा पुरस्कारही मिळाला होता.

"फरशी सिनेमातल्या काळातलीच आहे," ती म्हणाली. "चूल, पडदे, भांडी... बार्सिलोनाचा जुना बाजार पालथा घातला मी. आणि दिग्दर्शक म्हणतो, इथं कुणी राहत नाही."

"घर कुणाचं?"

"एका बाईचं. नवरा नुकताच वारलाय तिचा."

"हं..."

मास्तर तिकडच्या रीतीप्रमाणे जेवणाच्या पावावर टोमॅटो चोळू लागले. ब्रुना ताटल्या आणायला उठली. वाटेत एक खुर्ची टेबलापासून सुटी, तिरकी उभी होती. तिनं ती जाता जाता आत सरकवली.

मास्तरांनी हातातला पाव खाली ठेवला. उठले. खुर्ची पुन्हा वीतभर बाहेर ओढली, खिडकीकडे जराशी वळवली आणि जागेवर येऊन बसले.

ब्रुना ताटल्या घेऊन वळली आणि तशीच उभी राहिली.

शिकाऊ होती तेव्हा ती याच टेबलावर जेवायची. मास्तरांच्या पत्नी पिलारबाई त्या खुर्चीत बसत. जेवता जेवता मध्येच उठत, खिडकीतून समुद्राकडे बघत आणि म्हणत, "वारा फिरला गं, दोरीवरचे कपडे आत आणते." खुर्ची तशीच राहायची. मास्तर कुरकुरायचे, "एक दिवस अडखळून पडणार मी हिच्यामुळे."

पिलारबाईंना जाऊन किती वर्षं झाली होती...



"मास्तर," ती हळूच म्हणाली, "माझ्या सेटवर खुर्ची किती बाहेर ओढू?"

"तुझ्या घरातून कोण उठून गेलंय?"

तिनं ताटल्या टेबलावर ठेवल्या.

"बाबा. मी तेव्हा परदेशात शूटिंगवर होते... अंत्यविधीला कशीबशी पोचले. नंतर कामाच्या नादात घरी जाणं झालंच नाही."

"आणि आई?"

"आहे. एकटीच असते."

मास्तरांनी टेबलावरचे फोटो गोळा केले, नीट जुळवले आणि तिच्या हातात दिले.

"आज आईकडे जेवायला जा. आणि कुठल्या खुर्चीत बसायचं, ते तिला विचार."